दोन दिवसांचं काम

"या बाई, या. तुमचीच वाट बघत होतो," अधीक्षक म्हणाले, आणि फोटोबाईच्या मनात तिथेच पाल चुकचुकली.

इतक्या वर्षांच्या नोकरीत कुठल्याही अधीक्षकाने तिची वाट पाहिली नव्हती. तिनेच त्यांची पाहिली होती, केबिनबाहेर, हातात अर्ज धरून. आज सोमवार सकाळ. अजून केसपेपरची खिडकीही उघडली नव्हती आणि साहेब स्वतः एक्स-रे खोलीसमोर उभे होते. शेजारी कंत्राटदार. पॅसेजमध्ये ओल्या रंगाचा वास कोंडून राहिला होता.

शनिवारी संध्याकाळी जे दार ओढून ती घरी गेली होती, ते आता तिथे नव्हतं. त्याच्या जागी राखाडी रंगाचं नवं दार बसलं होतं. वर लाल दिवा, मधोमध पिवळा धोक्याचा फलक. पॅसेजच्या बाजूची भिंतही नव्या फळ्यांनी झाकली होती. फळ्यांच्या कडेला रंगाचे ओघळ अजून चिकट होते.

"शिशाचा पत्रा," अधीक्षकांनी दारावर टकटक केली. "दोन्हीकडून प्लाय, मध्ये शिसं. भिंतीलाही तसंच. कोर्टाने सांगितलं अगदी तसंच्या तसं. आता तरी हसा जरा."

फोटोबाई हसली नाही. तिने पर्समधून चुंबक काढलं. फ्रिजवर लावतात तसलं, टोमॅटोच्या आकाराचं. ते तिने दाराला लावलं. चुंबक घसरून खाली पडलं.

"बघा," अधीक्षक म्हणाले. "लोखंड नाही."

"अॅल्युमिनियमलाही चिकटत नाही," ती म्हणाली.

कंत्राटदाराने छताकडे पाहिलं.

तिच्या संशयाला कारण होतं. मागच्या वर्षी, अशाच एका तारखेच्या आधी, जुन्या दारावर एक चकचकीत पत्रा ठोकला गेला होता. त्याचे फोटो शपथपत्राला जोडून कोर्टात गेले. 'आदेशाचे पालन झाले आहे' असं त्यात लिहिलं होतं. फोटोबाईने घरच्या फ्रिजवरचं हेच चुंबक आणून लावलं, तर ते गोचिडीसारखं चिकटलं. साधा लोखंडी पत्रा. आतले किरण त्याला कितपत जुमानणार. तेव्हापासून चुंबक पर्समध्येच राहिलं आणि फ्रिजवरची बिलं कपाटात गेली.

"इथे एक सही करा," अधीक्षकांनी कागद पुढे केला. "काम समाधानकारक. बाकी काही नाही."

"आधी तपासते."

"अहो, तपासा की. पण गुरुवारी तारीख आहे. संचालकसाहेबांना स्वतः उभं राहायचंय कोर्टात. त्यांच्या हातात काही तरी द्यायला नको का?"

"दोन वर्षं होती की त्यांच्या हातात," फोटोबाई म्हणाली आणि आत गेली. नवं दार तिच्यामागे सावकाश, जड आवाज करत मिटलं.

तिला फोटोबाई हे नाव रुग्णांनी दिलं होतं. एक्स-रे म्हणायचा कुणाला, सगळे फोटोच काढायला येत. तिचं यंत्र पूर्वी जुन्या इमारतीत होतं, जाड दगडी भिंतींच्या आत. तिथलं छत गळायला लागलं म्हणून ते औषधांच्या कोठीत हलवलं. तात्पुरतं, असं पत्रात लिहिलं होतं. सरकारी तात्पुरतं म्हणजे काय, हे सांगायला नको. कोठीच्या तीन बाजूंना नुसती मोकळी जागा होती. चौथ्या बाजूला पॅसेज होता, आणि पॅसेज आणि यंत्र यांच्यामध्ये होती अर्ध्या विटेची भिंत आणि प्लायवूडचं दार. भिंतीला लागून बाक होता. त्यावर दिवसभर माणसं बसत, लेकुरवाळ्या बसत, पोट पुढे आलेल्या बायका बसत. फोटोबाई स्वतः शिशाच्या पडद्यामागे उभी राहून बटण दाबायची. ती सुरक्षित होती. बाहेरच्यांचं तसं नव्हतं.

आणि बाहेर मामा असत. शिपाई. सगळ्या दवाखान्याचे मामा. दाराशी बसून ते नावं पुकारत, आत गेलेल्यांच्या पिशव्या सांभाळत, रडणाऱ्या पोरांना चेहरे करून दाखवत. "आतल्यांचे फोटो पैसे देऊन निघतात," ते म्हणत, "माझे फुकटात. किती निघाले असतील आत्तापर्यंत, एखादी भिंत भरेल."

फोटोबाईला ती थट्टा सहन होईना. तिने अर्ज केले. सरकारी काम आणि सहा महिने थांब. सहा महिने झाले, आणखी सहा झाले. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, पण शहाण्यासारखं वागून पाहिलंच होतं. मग ती वकीलबाईंकडे गेली. मामांनी साक्षीदार म्हणून सही केली, सावकाश, जीभ दातांत धरून. कोर्टाने वर्षाच्या आत निकाल दिला: तीन महिन्यांत भिंतीला आणि दाराला शिसं लावा, तोवर बाक हलवा. बाक हातभर सरकला. तीन महिन्यांची दोन वर्षं झाली. शिसं काही आलं नाही. निविदा आल्या, निविदा रद्द झाल्या, अधिकारी बदलले, 'काम प्रगतिपथावर' असल्याची शपथपत्रं आली. शेवटी वकीलबाईंनी अवमानाची याचिका लावली. कोर्टाचा आदेश सरकारने पाळला नाही, तर कुणाला तरी उभं करून जाब विचारायचा. आरोग्य संचालकांना स्वतः हजर राहण्याचा हुकूम झाला.

या दोन वर्षांत फोटोबाई बदलली. पूर्वी ती कुणाच्याही डब्यातलं खायची. आता कुणी जास्त गोड बोललं की तिला वाटे, कुठेतरी पाणी मुरतंय. बदलीची अफवा कुणी उठवली, फिल्मचा साठा ऐन गर्दीच्या दिवशी कसा संपला, रजेचा अर्ज कोणाच्या टेबलावर अडला, ती मनातल्या मनात सगळ्याची संगती लावत बसायची. दुधाने तोंड पोळलेलं माणूस ताक फुंकून पितं. ती पाणीसुद्धा फुंकून प्यायला लागली होती.

तशात मागच्या थंडीत एक गोष्ट घडली. तिने ठरवलं होतं की कोर्टाकडे बाहेरचा तपासनीस मागायचा, दवाखान्याच्या माणसांवर विसंबायचं नाही. हे तिने फक्त मामांना सांगितलं होतं, डार्करूममध्ये, फिल्म धुता धुता. दुसऱ्याच आठवड्यात अधीक्षक वाटेत भेटले आणि म्हणाले, "बाई, बाहेरचा तपासनीस कशाला हवा आपल्याला? घरातलं घरात मिटवू."

मग आत जाऊन तिने मामांकडे पाहिलं. मामा एका म्हातारीची चप्पल तिच्या पायांशी सरकवत होते.

तिने त्यांना काही विचारलं नाही. फक्त बोलणं थांबवलं. "पुढचा पाठवा," "दार लावा," एवढंच. मामांच्या लक्षात आलं असणार. तेही गप्प राहिले. चहाच्या वेळी ते पूर्वी दोन कप आणत. काही दिवस दोन आणत राहिले, तिचा कप गार होत राहिला. मग ते एकच आणू लागले.

उन्हाळ्याच्या तोंडावर मामा रजेवर गेले. अंगात ताकद नाही, अंगावर काळेनिळे डाग उठतात, असं कुणी तरी म्हणालं. रक्ताचं काही तरी निघालं होतं. फोटोबाईला वाईट वाटलं, नाही असं नाही. पण त्याबरोबरच दुसरा विचारही आलाच: साक्षीदार नेमका तारखेच्या आधी आजारी कसा पडतो? कुणी सांगितलं असेल का, जा, बस घरी? ती त्यांना भेटायला गेली नाही.

*

सोमवारी संध्याकाळी ती घरी आली तेव्हा नवरा सासूबाईंना खुर्चीत बसवत होता. सासूबाईंचं डावं अंग दोन वर्षांपूर्वी गेलं होतं. बोलणं शाबूत होतं, आणि ऐकणं फारसं नव्हतं. नवऱ्याचं झेरॉक्सचं दुकान दवाखान्याच्या समोरच होतं. तो दुपारी घरी येऊन आईचं करून जायचा, संध्याकाळी फोटोबाई करायची.

तिने हातपाय धुतले, भाजी चिरायला घेतली. नवं दार बसवल्याचं सांगितलं. तो ऐकत होता. मान हलवत होता.

"चांगलं झालं की मग," तो म्हणाला. "सही करून टाकायची होतीस. आता कशाला ताणून धरायचं?"

सुरी थांबली.

"कसली सही?"

"तीच. काम झाल्याची."

"सहीचं मी तुम्हाला सांगितलं नाही."

तो आईच्या पाठीमागची उशी नीट करू लागला. ती नीटच होती.

"अहो, मी सहीचं सांगितलं नाही तुम्हाला. कोणी सांगितलं?"

"दुकानात कुणी तरी बोलत होतं."

"कोण?"

सासूबाई एकदा त्याच्याकडे, एकदा तिच्याकडे पाहत होत्या.

"साहेबांनी बोलावलं होतं," तो शेवटी म्हणाला. "आज नाही. आधीपासून. थंडीत पहिल्यांदा बोलावलं. म्हणाले, तुमच्या बाईंना समजावा, नाहीतर बदलीचा कागद तयार आहे. कुठे, ते पण दाखवलं नकाशावर. रात्रभराचा प्रवास आहे तिथे जायला. आईला कोणी बघायचं होतं, सांग."

"तपासनिसाचं तुम्ही सांगितलंत त्यांना."

"तूच जेवताना बोलली होतीस. मला वाटलं, आधी कळलं तर ते आपणहून काम करतील. कोर्टाबाहेर मिटेल."

तिला आठवलं. ती बोलली होती, जेवताना, वाढता वाढता. मामांना सांगितलं ते तिने लक्षात ठेवलं होतं. घरात सांगितलेलं तिने मोजलंच नव्हतं. घरात बोललेलं म्हणजे बाहेर बोललेलं नव्हे, असं तिने धरलं होतं.

"आणि दवाखान्याचं झेरॉक्सचं काम?" तिने विचारलं. "ते थंडीपासूनच येतंय ना तुमच्याकडे?"

त्याचा चेहरा पडला. "ते त्यासाठी नाही गं. ते आधीही येणारच होतं. समोरच दुकान आहे आपलं."

असेल. नसेलही. तिला वाटलं, आता हे आपल्याला कधीच कळणार नाही. तो खरं बोलत असला तरी कळणार नाही. हे असं मनात येऊ शकतं, याचंच तिला नवल वाटलं. तिने सुरी पुन्हा हातात घेतली आणि भाजी फार बारीक चिरली गेली.

*

दुसऱ्या दिवशी रुग्ण संपल्यावर ती एकटी मागे राहिली. तिने दाराला बाहेरून घराच्या किल्ल्या टेकवल्या आणि त्यांच्यावरून फिल्मची एक कॅसेट चिकटपट्टीने लावली. मग आत जाऊन यंत्राचं तोंड दाराकडे वळवलं, जोर होता तेवढा वाढवला, पडद्यामागे गेली आणि बटण दाबलं. पद्धत साधी होती. दारातून किरण गेले तर फिल्म काळी पडणार आणि तिच्यावर किल्ल्यांची पांढरी आकृती उमटणार. शिसं असेल तर काहीच उमटणार नाही.

ती किल्ल्या काढत असताना अधीक्षक पॅसेजच्या टोकाला दिसले. घरी जायला निघाले होते, हातात डबा होता.

"काय चाललंय, बाई?"

"तपासतेय."

ते अडवतील म्हणून ती तयार होती. उत्तरही तयार होतं. पण अधीक्षकांनी डबा बाकावर ठेवला आणि ते म्हणाले, "मी थांबलो तर चालेल?"

डार्करूमच्या लाल उजेडात ती फिल्म द्रावात हलवत होती, आणि साहेब दाराबाहेर येरझाऱ्या घालत होते. तिला त्यांच्या बुटांचा आवाज येत होता. फिल्म हलवता हलवता तिला स्वतःच्या मनातलं स्पष्ट दिसलं: किल्ल्या उमटाव्यात असं तिला वाटत होतं. दार खोटं निघावं. मग सगळं जागच्या जागी बसलं असतं, तिचे अर्ज, तिचं चुंबक, मामांशी न बोललेले ते महिने. ते खोटं इतकं मोठं ठरलं असतं, की त्यात तिची एक चूक झाकून गेली असती.

फिल्म कोरी निघाली.

तिने पुन्हा लावली. दाराच्या बिजागरीपाशी, तळाशी, भिंतीच्या दोन फळ्यांच्या सांध्यावर, बाकावर बसणाऱ्याचं डोकं येईल त्या उंचीवर. अधीक्षकच कॅसेट धरून देत होते, चिकटपट्टी दातांनी तोडत होते. एकामागून एक फिल्म कोरी. शेवटची त्यांनी स्वतःच दिव्यासमोर धरली आणि खुर्चीत बसले.

"खरं सांगू?" ते म्हणाले. "मलाही खात्री नव्हती. त्या कंत्राटदाराचा काही नेम नाही. दोन रात्री झोप नाही मला."

"मग कालच का नाही म्हणालात, तपासून बघू?"

"आणि खोटं निघालं असतं तर?" ते ओशाळं हसले. "तुम्हाला सोपं आहे, बाई. तुम्हाला फक्त आमच्यावर संशय घ्यायचा असतो. आम्हाला वरही घ्यावा लागतो, खालीही."

तिने फिल्म एका पाकिटात घातल्या.

"आता सही?" त्यांनी विचारलं.

"जे सांगायचं ते कोर्टात सांगेन."

डबा उचलून ते निघाले. जाताना थांबले. तिच्या नवऱ्याबद्दल काही बोलणार होते की काय कोण जाणे. त्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि नुसतेच गेले.

*

गुरुवारी कोर्टाच्या खोलीत उभं राहायलाही जागा नव्हती. पंखे फिरत होते आणि हवा जागच्या जागी होती. संचालक पुढच्या रांगेत बसले होते. पांढरा शर्ट, कडक इस्त्री, मागे फायली धरलेली चार माणसं. फोटोबाईने त्यांना पहिल्यांदाच पाहिलं. दोन वर्षं जे नाव शपथपत्रांच्या तळाशी होतं, ते असं दिसत होतं: थकलेला, चष्मा पुसत राहणारा माणूस.

वकीलबाईंनी तिला दाराशी गाठलं. "अहो, फिल्मचं कुठे बोलू नका इतक्यात. मी म्हणते की दवाखान्याच्या तपासणीवर आमचा विश्वास नाही, बाहेरचा तपासनीस द्या. पुढची तारीख पडेल. यांना परत यावं लागेल. एकदा अवमान सिद्ध झाला ना, की पुन्हा कुठला अधिकारी असं करणार नाही."

"पण दार बरोबर आहे."

"ते मी नाही म्हणत नाही. पण आज म्हणालात की संपलं. माफी मागतील आणि घरी जातील."

वकीलबाई खरं बोलत होत्या. तरी फोटोबाईच्या मनात येऊन गेलंच: पुढच्या तारखेत यांचा काय फायदा? मग तिची तिलाच लाज वाटली. या बाईंनी बसभाड्याशिवाय तिच्याकडून काही घेतलं नव्हतं.

प्रकरण पुकारलं गेलं. सरकारी वकिलांनी सांगितलं की आदेशाचं पूर्ण पालन झालं आहे, विलंब हेतुपुरस्सर नव्हता, संचालक बिनशर्त माफी मागत आहेत. न्यायमूर्तींनी कागद चाळले. फोटो पाहिले.

"मागच्या वर्षीही फोटो होते," ते म्हणाले. "अर्जदार हजर आहेत?"

फोटोबाई पुढे गेली.

"तुम्ही तिथे काम करता. आदेश पाळला गेलाय का?"

वकीलबाई उठत होत्या. त्याआधीच ती म्हणाली, "हो. दार बरोबर आहे. भिंतही. मी स्वतः तपासलं, सगळ्या बाजूंनी. काही बाहेर येत नाही."

पुढच्या रांगेत कुणी तरी श्वास सोडला. वकीलबाई परत खाली बसल्या.

न्यायमूर्तींनी लेखणी उचलली आणि पुन्हा ठेवली. "हे काम कधी झालं?"

सरकारी वकिलांनी मागे पाहिलं. मागच्या माणसाने फाइल पाहिली. "अलीकडेच, माय लॉर्ड."

"बाई, तुम्ही सांगा. काम कधी झालं?"

"शनिवारी संध्याकाळी मी निघाले तेव्हा जुनं दार होतं," ती म्हणाली. "सोमवारी सकाळी आले तेव्हा नवं होतं."

"म्हणजे शनिवार संध्याकाळ ते सोमवार सकाळ."

"हो."

न्यायमूर्तींनी संचालकांना उभं राहायला सांगितलं. ते उभे राहिले.

"दोन दिवसांचं काम होतं," न्यायमूर्ती म्हणाले. आवाज चढवला नाही. "मग दोन वर्षं तुम्ही काय करत होता?"

संचालकांनी चष्मा काढला, परत घातला. प्रक्रिया, ते म्हणाले. मंजुरी. खालचे बदललेले अधिकारी. मग बोलता बोलता त्यांचं त्यांनाच जमेना. "माझ्याकडे उत्तर नाही," ते म्हणाले आणि उभेच राहिले. फोटोबाईला वाटलं, आता तरी बरं वाटायला हवं. ती वाट पाहत राहिली. बरं वाटलं नाही.

माफी स्वीकारली गेली. ताशेरे नोंदवले गेले. याचिका निकाली. पुढचं प्रकरण पुकारलं गेलं, जमिनीचं होतं कसलं तरी, आणि संचालकांची खुर्ची दुसऱ्या कुणी तरी घेतली.

*

कोर्टातून ती थेट मामांच्या घरी गेली. मामींनी दार उघडलं, पण उंबऱ्यातून बाजूला झाल्या नाहीत.

"आज कशी वाट चुकलात?" त्या म्हणाल्या. मग तिच्या हातातल्या पाकिटाकडे पाहिलं. "आणखी कुठे सही हवीय का त्यांची?"

"नाही मामी. नुसती भेटायला आले."

मामी क्षणभर तिला पारखत राहिल्या. फोटोबाईने ती नजर ओळखली. ती स्वतःचीच होती.

मामा खाटेवर होते. निम्मे झाले होते. डोळे तेवढे पूर्वीचे. तिने कोर्टातलं सगळं सांगितलं. संचालकांचा चष्मा, अधीक्षकांनी दातांनी तोडलेली चिकटपट्टी. मामा आवाज न करता हसले, मग खोकले.

"मामा," ती म्हणाली, "थंडीत मला वाटलं होतं, आपलं बोलणं तुम्ही साहेबांना सांगता."

"ठाऊक होतं मला."

"मग बोलला का नाहीत?"

"काय बोलणार? मी नाही म्हटलं असतं तर तुमचा संशय आणखी वाढला असता." त्यांनी चादर वर ओढली. "कोण होतं?"

तिने मांडीवरचं पाकीट सरळ केलं. मामांनी तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा विचारलं नाही.

थोड्या वेळाने ते म्हणाले, "एक विचारू? माझं हे त्या भिंतीमुळे झालं का हो?"

मामी दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या.

"माहीत नाही, मामा," फोटोबाई म्हणाली. "असेलही, नसेलही. आता कुणालाच ते छातीठोक सांगता येणार नाही."

"डॉक्टरही हेच म्हणाले. मला वाटलं, सरकारी डॉक्टर, लपवत असतील." ते उशीवर मागे टेकले. "तुम्ही म्हणताय, म्हणजे खरंच माहीत नसेल."

ती पुढे दर रविवारी जात राहिली. पहिले काही रविवार मामी दारातच विचारपूस करून मग आत घेत. नंतर दार उघडंच ठेवू लागल्या. पावसाळा संपता संपता मामा गेले. दवाखान्यात त्यांच्या जागी कुणी आलं नाही. भरतीची प्रक्रिया सुरू आहे, असं कळवण्यात आलं. फोटोबाईच बाहेर येऊन नावं पुकारते.

घरी नवऱ्याने दवाखान्याचं झेरॉक्सचं काम सोडून दिलं. तिने सांगितलं नव्हतं. त्यानेही सांगितलं नाही, समोरच्या पानवाल्याकडून तिला कळलं. दोघं भांडले नाहीत. जेवताना ती आता दवाखान्यातलं काही बोलत नाही. तो विचारत नाही. भाजीचं, आईच्या औषधांचं, गळक्या नळाचं बोलतात.

एक नवीन गोष्ट मात्र झाली आहे. पूर्वी फोन आला की तो उठून बाहेर जायचा. आता जात नाही. जिथे असेल तिथेच बसून बोलतो, शब्द न् शब्द स्पष्ट, आणि पलीकडून कोण बोलतंय त्याचं नाव आधी घेतो.

परवा संध्याकाळी ती सासूबाईंना खिमट भरवत होती. बाहेरच्या खोलीत त्याला बहिणीचा फोन आला. "हां ताई, बोल," तो मोठ्याने म्हणाला. मग ताईच्या गुडघ्याचं, तिच्या मुलाच्या परीक्षेचं, सगळं त्याच आवाजात.

सासूबाईंनी कानामागे हात धरला. "कोणाशी भांडतोय गं हा?"

"भांडत नाहीत. ताईंशी बोलतायत."

"मग एवढ्या मोठ्याने कशाला?"

"मला ऐकू जावं म्हणून."

सासूबाईंना काही उलगडा झाला नाही. "तुला तर चांगलं ऐकू येतं," त्या म्हणाल्या.

फोटोबाईने पुढचा घास चमच्यात घेतला, फुंकर घालून निववला, आणि तो सांडू नये म्हणून दुसरा हात म्हातारीच्या हनुवटीखाली धरला.